दोन्ही बाजूंची बाई

"आधी त्याचं झाकन लावा," तोतारामभाऊ म्हणाले, "मंग बसा."

सुलक्षणाने कॅमेऱ्याच्या भिंगाला झाकण लावलं, कॅमेरा पिशवीत ठेवला आणि ओसरीतल्या खुर्चीवर बसली. तोतारामभाऊंची नजर पिशवीवरच होती. पिशवीची चेन अर्धी उघडी होती. त्यांनी हनुवटीने तिकडे खूण केली, तेव्हा तिने तीही ओढली.

"आता बोला. शुक्रवारी बैठक हाये. कौतिकनाना म्हनतात, सही कर. करतो मी. पन त्याच्या आधी मले पाह्यचं हाये, छगन तुमच्या कॅमेऱ्यात काय बोलला ते."

"ते मला दाखवता येणार नाही, भाऊ. तुम्ही जे बोललात तेही मी त्यांना दाखवलेलं नाही."

"कशावरून?"

या एका शब्दापुढे ती नेहमीच अडत आली होती. तोतारामभाऊंची बायको सुमनबाई चहाचं ताट घेऊन आतल्या दारात थांबली होती. उत्तर आल्याशिवाय चहा पुढे करावा की नाही, हे तिचं ठरत नव्हतं.

"माझा शब्द," सुलक्षणा म्हणाली.

"शब्द तं कोनीबी देते."

कुंडगाव हे मुक्ताईनगर तालुक्यातलं, तापीच्या अंगाला असलेलं केळीचं गाव. दोन वर्षांपूर्वी श्रावणातल्या एका पहाटे तोतारामभाऊंच्या बागेतली, घड लागलेली नऊशे खोडं कोणीतरी कोयत्याने कापून आडवी केली होती. ते सकाळी बागेत गेले तेव्हा घड चिखलात पडलेले होते आणि बुंध्यांतून अजून पाणी झिरपत होतं. शेजारची बाग त्यांच्या चुलतभावाची, छगनची. दोघांत शेतरस्त्यावरून आठ वर्षांचं भांडण. माल भरायला ट्रक आत आणायचा तर छगनच्या बांधावरून आणावा लागे, आणि छगन तिथे बाभळीच्या काट्या टाकून ठेवी. त्यामुळे खोडं कोणी कापली हे गावाने दुपारच्या आत ठरवून टाकलं. पोलिसांना काहीच सापडलं नाही. तोतारामभाऊंची तक्रार तशीच पडून राहिली. पण छगनच्या ओट्यावर कोणी बसेना. त्याची मुलगी भाविका हिच्यासाठी दोनदा पाहुणे आले आणि गावात पाय ठेवल्यावर कोणाशी तरी बोलून स्टॅन्डवरूनच परत गेले.

शेवटी तंटामुक्ती समितीचे अध्यक्ष कौतिकनाना यांनी दोघांना बोलतं केलं. छगनने रस्ता मोकळा करायचा, तोतारामने तक्रार मागे घ्यायची. कोणी कापली हा विषय काढायचा नाही. या अटीवर दोघं बैठकीला तयार झाले होते आणि त्या सगळ्या बोलण्याची फिल्म सुलक्षणा पुण्याच्या एका संस्थेसाठी गेले आठ महिने करत होती.

आठ महिने. धुळ्याहून पहाटेची एसटी, जळगावला बदलायची, मुक्ताईनगरच्या भक्तनिवासात खोली आणि तिथून रिक्षाने कुंडगाव. पहिल्या महिन्यात गावाला वाटलं ती विम्याच्या कंपनीकडून आली आहे. मग वाटलं पोलिसांची आहे. एका म्हातारीने तर ती भाविकासाठी मुलाकडून चौकशीला आली असं ठरवून तिला घरी नेऊन पोहे खाऊ घातले होते. ती बोलायला लागली की कोणीतरी म्हणे, "तुमी तिकडच्या ना, धुयाच्या?" तिच्या तोंडून चुकून एखादा अहिराणी 'शे' निसटला की पोरी हसत, आणि हसण्यात थोडं अंतर पडे. एकदा पानटपरीवर ती पाण्याची बाटली घेत होती तेव्हा पाठीमागून आवाज आला, "ही कोनाच्या बाजूची?" दुसरा म्हणाला, "दोन्ही बाजूंची हाये म्हनते." मग दोघंही हसले. दोन्ही बाजूंचं कोणी असू शकतं यावर दोघांचाही विश्वास नव्हता.

सुलक्षणाच्या वडिलांचा धुळ्यात पाचव्या गल्लीत फोटो स्टुडिओ होता. त्यांचे डोळे गेल्यावर लग्नाच्या शूटिंगला ती जाऊ लागली. बाई शूटिंग करते म्हटल्यावर नवरीकडची मंडळी खूश असत, नवऱ्याकडची जरा बिचकत. साक्रीकडच्या एका लग्नात मानापानावरून दोन्हीकडचे लोक हातघाईवर आले. एक म्हातारा मध्ये पडला आणि तासाभराने पंगत बसली. तिने कॅमेरा बंद केला नव्हता. नवरीच्या बापाने नंतर सांगितलं, तेवढं काढून टाका. तिने काढलं, पण काढलेला तुकडा स्वतःकडे ठेवला आणि महिनाभर तो परत परत पाहिला. म्हाताऱ्याने नेमकं काय केलं, हे तिला शोधायचं होतं. तो काहीच बोलला नव्हता. नुसता एकाच्या शेजारी बसायचा, थोड्या वेळाने उठून दुसऱ्याच्या शेजारी बसायचा.

तिथून तिचं हे काम सुरू झालं. विहिरीची पाळी, गावठाणाची हद्द, देवळाचा कळस कोणी चढवायचा, दोन भावांमधली एक भिंत. अठरा वर्षांत नऊ फिल्म. कधी एखादी संस्था सांगायची, कधी ती स्वतःच जायची. पुण्यात, दिल्लीत लोक पाहायचे, टाळ्या वाजवायचे, कोणी तिला शाल द्यायचं. धुळ्यात आई अजून म्हणायची, "लोकेस्ना भांडनमा तुनं काय काम शे, बाई?"

पहिली फिल्म दोंडाईचाजवळच्या एका गावातली. झुलालआबा नावाचे सत्तरीचे शेतकरी आणि विहिरीच्या पाळीवरून त्यांच्याशी भांडणारा, त्यांच्या मुलाच्या वयाचा माणूस. समेटाच्या दिवशी झुलालआबा उठले आणि सगळ्यांदेखत वाकून त्या माणसाच्या पायांना हात लावला. भांडण तिथेच विरघळलं. फिल्मला दोन बक्षिसं मिळाली, आणि ती त्या गावात दरवर्षी पोळ्याला जाऊ लागली.

दहा वर्षांनी सगळ्यांच्या हातात फोन आले. कोणीतरी सीडीतून तेवढे अकरा सेकंद कापले, त्याला गाणं जोडलं आणि तालुकाभर पाठवलं. म्हातारा वाकतो, पुन्हा वाकतो, पुन्हा वाकतो. झुलालआबा ओट्यावर यायचे थांबले. त्यांच्या नातवाने शाळेत एकाचं डोकं फोडलं. विहिरीच्या पाळ्या पुन्हा मोडल्या. सुलक्षणा धावत गेली तेव्हा आबांची बायको यशोदाबाई बाहेर आली, तिने पाणी दिलं आणि म्हणाली, "तुनं काही चुकनं नही, बेटा. पन आते येऊ नको." आबा आतल्या खोलीत होते. त्यांचा खोकला ऐकू येत होता. ते वारल्याचं तिला तीन महिन्यांनी कळलं.

त्यानंतर तिने स्वतःला काही नियम घालून घेतले. एकाचं बोलणं दुसऱ्याला त्याच्या परवानगीशिवाय दाखवायचं नाही. बैठकीत कोणाचाही फोन चालणार नाही. कॉपी कोणालाही द्यायची नाही. कुंडगावात पहिल्याच आठवड्यात एकाने तिच्यासमोर फोन धरला होता. "हे तुमीच काढेल ना?" फोनवर झुलालआबा वाकत होते.

आता तोतारामभाऊ उत्तराची वाट पाहत बसले होते.

"मी छगनभाऊंना विचारते," ती म्हणाली. "ते हो म्हणाले तर दाखवेन."

सुमनबाईने तेव्हा चहा पुढे केला.

छगन बागेत होता, केळीच्या बुंध्याशी फुटलेली पिलं काढत होता. त्याचा सदरा केळीच्या चिकाच्या काळ्या डागांनी भरलेला होता. ती बांधावरून येताना दिसली तसा तो थांबला, पण जवळ आला नाही.

"त्यानं पाठवलं ना तुमाले?"

"मी विचारायला आले आहे. तुम्ही मला जे सांगितलंत ते त्यांना पाहायचं आहे."

"म्हंजे तुमी त्याले सांगतलं, का माह्याकडं काहीतरी हाये."

"नाही सांगितलं. त्यांना संशय आहे."

छगन विळा पुसत राहिला. चार महिन्यांपूर्वी याच बागेतल्या, पाण्याच्या मोटारीच्या खोलीत तो कॅमेऱ्यासमोर बसला होता. त्या दिवशी त्यानेच तिला बोलावलं होतं. दार लावून घेतलं, आणि मग म्हणाला होता, चालू करा.

तेव्हा त्याने सांगितलं, की त्या दिवशी लाइट पहाटे येणार होती म्हणून तो मोटारीच्या खोलीत खाटेवर झोपलेला होता. आवाजाने जाग आली. केळीच्या खोडावर कोयता पडला तर त्याचा काही मोठा आवाज होत नाही, ओल्या फडक्यावर काठी मारावी तसा होतो. पण घड खाली येतो त्याचा होतो. धप्प. तो पडल्यापडल्या ऐकत राहिला. दोघं-तिघं असावेत, बोलत नव्हते. तो मोजायला लागला. सत्तर-ऐंशीपर्यंत मोजले असतील. बॅटरी उशाशी होती. एक आरोळी दिली असती तर ते पळाले असते. "मी नही कापले, ताई. पन मी उठलो नही. मोजता मोजता मले झोप लागली."

कॅमेरा बंद केल्यावर त्याने तिला विचारलं होतं, "हे कोनाले दाखवसान?" ती म्हणाली होती, तुम्ही सांगाल तेव्हाच.

आता छगनने विळा बुंध्याला टेकवून ठेवला. "मले त्याच्यासमोर तोंडानं नही सांगता येनार. लहानपनी आम्ही एका ताटात जेवेल हाये." त्याने बांधाकडे पाहिलं. बांधाच्या पलीकडे तोतारामची नवी लागवड कमरेइतकी झाली होती. "दाखवा. तुमीच दाखवा. पन तेवढंच. आन् त्याले एकट्याले."

"नक्की ना?"

"घडीघडी नका इचारू. नही तं नही म्हनून जाईन."

बुधवारी दुपारी ती लॅपटॉप घेऊन तोतारामभाऊंकडे गेली. त्यांनी ओसरीचं दार लावून घेतलं. सुमनबाई बाहेर जायला निघाली तर तिला म्हणाले, "तू बैस. खोडं तुहीबी व्हती." छगनने एकट्याला म्हटलं होतं. सुलक्षणाने ते सांगितलं. तोतारामभाऊ म्हणाले, "मंग नका दाखवू." तिने क्षणभर विचार केला आणि लॅपटॉप उघडला. नियमाचा पहिला टवका तिथे उडाला, हे तिला कळलं.

सात मिनिटांचं बोलणं होतं. तोतारामभाऊंनी ते मांडीवर हात ठेवून पाहिलं. संपल्यावर म्हणाले, "परत लावा." दुसऱ्यांदा पाहताना ते पडद्याच्या इतके जवळ झुकले, की छगनच्या चेहऱ्यामागच्या भिंतीवर काय टांगलंय ते शोधताहेत असं वाटावं. तिसऱ्यांदा त्यांनी फक्त ऐकलं, डोळे मिटून. सुमनबाईने पहिल्या वेळी पाहतानाच पदर तोंडाला लावला होता, तो तसाच होता.

"हे अजून कोनाकोनाले दाखवलं?"

"कोणालाच नाही."

"कौतिकनानाले?"

"नाही."

"पुन्याच्या लोकांले?"

"नाही, भाऊ."

"मंग मले याची कॉपी द्या."

ती या प्रश्नाची वाट पाहतच होती. "कॉपी मी देत नाही."

"वकिलाले दाखवतो. जागा व्हता म्हंजे त्यानं पाह्यलं असंन. दोघं व्हते का तिघं व्हते, ते त्याले ठाऊक असंन. तुमी घरात बसून असं पेन ड्राइव्हमधी टाकून देता, किती वेळ लागते?"

"शुक्रवारी तुम्ही तक्रार मागे घेणार आहात."

"ते मी पाह्यतो." त्यांनी लॅपटॉपच्या झाकणावर हात ठेवला. जोर केला नाही, नुसता ठेवला. मोठा, केळीच्या चिकाने नखांपर्यंत काळा झालेला हात होता. "कॉपी द्या, नही तं शुक्रवारी मी येत नही. आठ महिने तुमी आमची फिलम काढली. तिचा शेवट करायचा का नही ते पाहा."

"अहो," सुमनबाई म्हणाली. तेवढंच. तोतारामभाऊंनी हात काढला.

सुलक्षणाने लॅपटॉप पिशवीत घातला. रिक्षाच्या थांब्यापर्यंत पोहोचली, तोवर मागून चपलांचा आवाज आला. सुमनबाई होती. धापा टाकत होती.

"ताई, एक इचारते. हे त्यानं तुमाले कधी सांगतलं?"

"चार महिने झाले."

"चार महिने." सुमनबाईने तिच्याकडे नीट पाहिलं. "चार महिने तुमाले ठाऊक व्हतं. माह्या घरी चहा पेल्या. पापड घेऊन गेल्या. मी तुमाले रडून सांगतलं, का कोनीतरी एकानं तरी आयकलं असंन. तव्हा तुमी मान हालवली."

"अक्का, मी शब्द दिला होता."

"हो. त्यानंबी नही सांगतलं, तुमीबी नही सांगतलं." रिक्षा आली, सुलक्षणा बसली. रिक्षा वळेपर्यंत सुमनबाई तिथेच उभी होती, तिला निरोप द्यायला आल्यासारखी नाही, ती खरंच जाते की दुसऱ्या गल्लीत उतरते ते पाहत असल्यासारखी.

शुक्रवारी तोतारामभाऊ आले.

समाजमंदिरात ऐंशी-नव्वद माणसं होती. दाराशी कौतिकनानांनी टोपली ठेवली होती, तिच्यात सगळ्यांचे फोन. नानांनी दोघातिघांचे खिसेही चाचपले. एकाच्या खिशातून दुसरा फोन निघाला तेव्हा हशा झाला. कॅमेरा एका बाजूला ट्रायपॉडवर उभा होता. दोन्ही घरांनी कागदावर लिहून संमती दिली होती. छगन आणि तोताराम समोरासमोर बसले होते, मध्ये सतरंजीचा एक पट्टा मोकळा. बायका मागच्या भिंतीला.

नानांनी कागद वाचून दाखवला. रस्ता बारा फुटांचा. काट्या काढल्या. तक्रार मागे. "कोनाले काही बोलायचं?" त्यांनी रिवाजाप्रमाणे विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता पेन काढलं.

"मले एक इचारायचं हाये," तोतारामभाऊ म्हणाले. "छगन, त्या पहाटी तू जागा व्हता का?"

"तोताराम," नाना म्हणाले, "तो विषय आज नही. तसं ठरलं हाये."

"कोनी कापलं ते नही इचारत मी. तू जागा व्हता का, तेवढं सांग."

कॉपी मिळाली नाही, म्हणून हा माणूस तीच गोष्ट सुलक्षणाच्याच कॅमेऱ्यासमोर, नव्वद माणसांदेखत वदवून घेत होता. छगनने तोतारामकडे पाहिलंच नाही. त्याने सरळ तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. एखादा हिशोब जुळल्यावर माणूस मान डोलावतो, तशी त्याने मान डोलावली. तिने कॅमेऱ्याकडे हात नेला, बंद करायला. पण छगन तोवर बोलायला लागला होता आणि आता मध्येच बंद केला तर तेही कोणाच्या तरी बाजूचं होईल असं वाटून तिचा हात तसाच राहिला.

"व्हतो," छगन म्हणाला.

मागे बायकांत कुजबुज झाली.

"आयकलं?"

"आयकलं."

"मंग उठला काहून नही? भीती वाटली?"

इथे छगनला हो म्हणता आलं असतं. दोघातिघांच्या हातात कोयते असताना भीती वाटली म्हणणाऱ्याला कोणी काही बोललं नसतं. सुलक्षणाला मनातून वाटलं, म्हण, हो म्हण.

"नही," छगन म्हणाला. "मले बरं वाटत व्हतं."

नानांच्या हातातलं पेन तसंच राहिलं. छगनचं डोकं खाली गेलं होतं, पण तो रडत नव्हता. तोतारामभाऊ त्याच्याकडे पाहत राहिले. मग त्यांनी नाकातून एक मोठा श्वास सोडला, गुडघ्यावर पुढे सरकले, नानांच्या हातातून पेन घेतलं आणि सही केली. कागद छगनपुढे सरकवला. छगनने सही केली. नानांनी घाईने पेढ्यांचा पुडा उघडला. तोतारामने पेढा घेतला, खाल्ला नाही, हातातच धरून बाहेर पडला. छगनने घेतलाच नाही.

फोन परत घेण्याची गडबड चालू असताना छगन तिच्याजवळ आला.

"असं इचार, म्हून तुमी सांगतलं त्याले?"

"नाही, छगनभाऊ."

"सुमनअक्काबी व्हती म्हने, पाह्यताना."

"होती," ती म्हणाली.

"हं," तो म्हणाला आणि गेला.

धुळ्यात पाचव्या गल्लीतल्या त्याच खोलीत, जिथे एकेकाळी वडील फोटो धुवायचे, ती दोन महिने फिल्म जुळवत बसली. पुण्याच्या संस्थेतल्या बाईंनी बैठकीचं चित्रण पाहिलं आणि फोन केला. त्या खूप हळू, आदराने बोलत होत्या. "हे एक वाक्य म्हणजे सगळी फिल्म आहे, सुलक्षणा. 'मला बरं वाटत होतं.' असं कोणी कधी कॅमेऱ्यासमोर बोललेलं मी ऐकलेलं नाही."

"मीही नाही," सुलक्षणा म्हणाली. अठरा वर्षांत तिनेही ऐकलं नव्हतं. खरं तर तेवढ्यासाठीच ती गावोगाव फिरत होती, असं आता वाटत होतं.

"त्यांची लेखी संमती आहे ना?"

"आहे."

"मग?"

आई पलीकडे शेंगा फोडत बसली होती. तिला आता फारसं दिसत नसे, पण ऐकू सगळं येई. खोलीत ते वाक्य इतक्या वेळा वाजलं होतं, की तिला ते पाठ झालं होतं. फोन झाल्यावर ती म्हणाली, "त्याना घर पोरगी शे ना?"

"शे."

"तिनं लगन व्हयनं?"

"अजून नही."

आईने पुन्हा शेंगांकडे हात वळवला.

नव्वद माणसांनी ते ऐकलं होतं. गाव ते विसरणार नव्हतं. पण गावाने ऐकलेलं हळूहळू झिजतं. कोणी म्हणेल तो असं म्हणाला, कोणी म्हणेल तसं नव्हता म्हणाला, आणि पंधरा वर्षांनी पोरांना त्याचं काही वाटणार नाही. झुलालआबांचे अकरा सेकंद मात्र अजून तसेच्या तसे होते. त्या संध्याकाळी तिने बैठकीतली ती चार मिनिटं काढून टाकली. मग मोटारीच्या खोलीतली सात मिनिटं काढली. काढलेलं यावेळी कुठेही ठेवलं नाही. दोन्ही डिस्कवरून पुसलं, आणि पुसलं गेलं की नाही ते तीनदा उघडून पाहिलं.

संस्थेने फिल्म घेतली, पण त्यानंतर पुण्याचे फोन कमी झाले. "फिल्म छान आहे, जरा सपाट आहे," असं कोणीतरी म्हणाल्याचं तिच्या कानावर आलं. पुढच्या कामाचं बोलणं झालं होतं, ते पुढे सरकलं नाही. मार्चमध्ये तिने दोन लग्नांची शूटिंग घेतली.

एप्रिलमध्ये ती कुंडगावात फिल्म दाखवायला गेली. आधी गावाला, मग बाहेर, असा तिचा रिवाज होता. यावेळी संस्थेने ती आधी बाहेर दाखवली होती आणि ते तिच्या मनाला लागून होतं. शेतरस्ता मोकळा झाला होता. तोतारामचा ट्रक आता थेट बागेपर्यंत जात होता. दोघं भाऊ एकमेकांना भेटले तर थांबत नव्हते, पण रस्ताही बदलत नव्हते, असं कौतिकनानांनी सांगितलं. खोडं कोणी कापली, ते अजून कोणाला ठाऊक नव्हतं. नाना म्हणाले, "आता गाव दुसऱ्याच कोनावर संशय घेते."

दुपारी चारला समाजमंदिराच्या खिडक्यांना घोंगड्या लावल्या. पडदा म्हणून नानांचं पांढरं धोतर ताणलं. माणसं यायच्या आधीच छगन येऊन बसला होता. समोर नाही, बाजूच्या भिंतीला, जिथे विजेचा बोर्ड जमिनीपासून हातभर उंचीवर होता. तिने प्रोजेक्टरची वायर तिथेच लावली होती. ती वायर लावताना त्याने जागा करून दिली. मग सरकून पुन्हा बोर्डाला खेटून बसला आणि उजवा हात वर नेऊन ठेवला. त्याचा अंगठा बटणावर होता.

ते वाक्य आलं की तो बटण बंद करणार, हे तिच्या लक्षात आलं. त्याच्याजवळ जाऊन सांगावं असं तिला वाटलं, की भाऊ, ते नाही त्यात. पण 'कशावरून' असं तो विचारणार, आणि तिच्याकडे अजूनही त्याला उत्तर नव्हतं. ती मागे जाऊन उभी राहिली.

एकेचाळीस मिनिटांची फिल्म. तोतारामभाऊ पुढच्या रांगेत होते, सुमनबाई बायकांत. लोक स्वतःला ओळखून हसत होते, कोणी पडद्यावर बोट दाखवत होतं. बागा आल्या, काट्या टाकलेला बांध आला, म्हातारीचे पोहे आले. मग समाजमंदिर आलं, आणि समाजमंदिरात बसलेली माणसं पडद्यावरच्या समाजमंदिराकडे पाहू लागली. हसणं थांबलं. छगनची पाठ भिंतीपासून सुटली. नाना पडद्यावर कागद वाचत होते. रस्ता बारा फुटांचा. तक्रार मागे. कोनाले काही बोलायचं?

पडद्यावर तोतारामचा हात पुढे आला, त्याने पेन घेतलं आणि सही केली. मग छगनची सही. मग पेढे.

खोलीत एक हालचाल झाली, नव्वद माणसांनी एकदम जागा बदलावी तशी. मध्ये काय नाही, ते प्रत्येकाला ठाऊक होतं. तोतारामभाऊंनी मान वळवून मागे पाहिलं, सुलक्षणाकडे. बराच वेळ पाहिलं, आणि पुन्हा पुढे वळले. ते उपकार मानत होते की चिडले होते, हे तिला त्या उजेडात कळलं नाही.

शेवटी मोकळ्या रस्त्यावरून केळीने भरलेला ट्रक जातो, एवढंच होतं. नावं आली. नावं संपली. धोतर पांढरं झालं आणि लोक उठून घोंगड्या काढू लागले, तरी छगनचा अंगठा बटणावरच होता. आणखी काही येतं का, ते तो पाहत होता.

माणसं बाहेर पडली. सुलक्षणाने लॅपटॉप मिटला आणि प्रोजेक्टरकडून वायर गुंडाळायला घेतली. गुंडाळत गुंडाळत ती बोर्डापर्यंत आली आणि थांबली. छगनने पांढऱ्या धोतराकडे एकदा पाहिलं. मग अंगठा उचलला, स्वतःच पिन काढली आणि तिच्या हातात दिली.